दगडावरचे चंद्र-सूर्य

वाघबारस तोंडावर आली. पाड्यापाड्यांतून वर्गणी निघेल, वाघोबाला शेंदूर लागेल, नारळ फुटेल. यंदा देवापाशी जाल तेव्हा त्या दगडाकडे, त्या लाकडी पाटाकडे जरा नीट बघा.

वाघाच्या वर बहुतेक ठिकाणी चंद्र-सूर्य कोरलेले दिसतील. लग्नात आपल्या बाया तांदळाच्या पिठाने चौक लिहितात, मधे पालघट देवी, तिथेही चंद्र-सूर्य असतात. जुने राजे जमीन दान देत तेव्हा दगडावर हेच दोघे कोरत. अर्थ असा, की हे आभाळात आहेत तोवर दान मोडायचं नाही. राजाचा तसा दगड सापडला की सरकार जपून ठेवतं. आणि आपल्या दगडाला काय म्हणतात? मागे दावे घेऊन गेलो तर कचेरीत ऐकावं लागलं, "दगडधोंडे कसले सांगता? पावती आणा."

कायदा असं म्हणत नाही. वनहक्क कायदा २००६ चा, नियम २००८ चे. नियम १३ मध्ये पुराव्यांची यादी आहे. तिच्यात जुन्या विहिरी, मसणवट, देवाच्या जागा आहेत. म्हाताऱ्या माणसांचा लेखी जबाबही चालतो, फक्त ते स्वतः दावेदार नसावेत. एकाहून जास्त पुरावे जोडायचे. २०१२ च्या दुरुस्तीनंतर अमुकच कागद पाहिजे असा हट्ट वरच्या समित्यांना धरता येत नाही.

म्हणून वनहक्क समितीने यंदा देवापाशीच बसावं. वाघोबा, गावदेव, पाणवठा कुठल्या शिवेला आहे, कोणते पाडे कधी पुजतात, ते लिहावं, नकाशावर खूण करावी. कोरीव काम नसेल, नुसता शेंदराचा दगड असेल, तरी लिहावं. पण देव हजारो वर्षांचा असं ठोकून देऊ नका. आजीच्या आजीने पुजला एवढंच ठाऊक असेल तर तेवढंच लिहा. एका खोट्या ओळीने खरा दावा अडकतो.

आणखी एक. कुणी पैसेवाला येतो, सिमेंटचं देऊळ बांधू म्हणतो, जुना दगड बाजूला सारून नवी मूर्ती बसवतो. दगड हलला की शीव हलली. देव आहे तिथंच उघड्यावर राहू द्या. ऑइलपेंटही फासू नका, कोरीव काम बुजतं.

दावा आज ना उद्या मंजूर होईल. पण शीव कुठवर आहे हे पोरांना ठाऊक नसेल तर ती राखणार कोण? वाघबारशीला पोरांना बरोबर न्या.

जंगल-जमीन आमच्या हक्काची!