शब्दविचार : ‘बाउंड’

इंग्रजी ‘बाइंड’ म्हणजे बांधणे. त्याचा भूतकाळ ‘बाइंडेड’ न होता ‘बाउंड’ होतो. संस्कृत ‘बन्ध्’ आणि हा धातू एकाच प्राचीन मुळातून आलेले. बंधतत्त्वाचे विवेचन प्रवचनात ऐकणाऱ्यांना तो परका वाटू नये.

घोटाळा होतो तो व्यापारी पत्रव्यवहारात. ‘प्राइसेस आर बाउंड टू राइज’ म्हणजे भाव वाढणार हे निश्चित. येथे कोणी कोणाला बांधलेले नसते. परंतु ‘वी आर बाउंड टू सप्लाय’ असे पेढीच्या कागदावर लिहिले, की माल पुरवण्याचे बंधन पत्करले असाच अर्थ घेतला जाईल. मनात केवळ प्रयत्नच असेल, तर ‘वी शॉल ट्राय’ लिहावे. माल न पोहोचल्यावर ‘भाषा चुकली’ ही सबब समोरचा व्यापारी कशाला ऐकेल?

‘शिप बाउंड फॉर लंडन’ यातील बाउंड मात्र निराळा. तो ‘सज्ज’ अशा अर्थाच्या जुन्या नॉर्स शब्दापासून आला. रूप जुळले, कूळ नाही. उडी मारणे या अर्थाचा तिसरा बाउंड फ्रेंचमधून आलेला, आणि त्याचा भूतकाळ मुकाट्याने नियम पाळून ‘बाउंडेड’ असाच होतो.