अंगणही वाकडे असू शकते

नाचता येईना त्याने अंगणाला नावे ठेवू नयेत, असे आपण म्हणतो. पण अंगण कधीकधी खरोखरच वाकडे असते. लॅपटॉपवरचा तो गुळगुळीत चौकोन, म्हणजे टचपॅड, हे तसलेच अंगण आहे.

त्याचे काम समजायला अवघड नाही. पृष्ठभागाखाली वीजवाहक रेषांची उभी-आडवी बारीक जाळी असते. बोट टेकले की तेथील विद्युतधारिता किंचित बदलते आणि तेवढ्यावरून यंत्र बोटाचा ठावठिकाणा काढते. बोट किती जोराने घासले याच्याशी बाणाला देणेघेणे नसते.

अडचणी सुरू होतात त्या इथूनच. घामेजलेल्या बोटाने जाळीची फसगत होते, कष्टाने घट्टे पडलेले बोट तिला नीट जाणवत नाही. मजकूर लिहिताना तळहाताची कड टेकली, तर बाण भलतीकडेच उडी घेतो आणि पुढचे शब्द तिसऱ्याच ओळीत जाऊन बसतात. तळहात ओळखून सोडून देण्याची व्यवस्था असते, पण तो शेवटी यंत्राचा अंदाज! त्यातच २००८ साली ॲपलने मॅकबुकवरचे वेगळे बटण काढून टाकले आणि पुढे इतर अनेकांनी तोच कित्ता गिरवला. रूप खुलले, पण डावे कुठे संपते आणि उजवे कुठे सुरू होते, हे बोटाला सांगणारी खूण गेली.

बँकेतल्या नोकरीने मला एक गोष्ट शिकवली. एकाच रकान्यात रोज दहा खातेदार चुकत असतील, तर दोष खातेदारांचा नसतो, स्लिपचा असतो. टचपॅडच्या बाबतीत मात्र माझ्या वयाची माणसे 'आमचा हातच बसत नाही' म्हणून दोष स्वतःकडे घेतात. एवढ्यावर थांबले तरी चालेल. पण पुढे 'तूच कर रे बाबा' म्हणत भाच्याला किंवा शेजारच्या मुलाला बँकेचा पासवर्डच सांगून मोकळी होतात. खरा धोका आहे तो हा.

त्यापेक्षा साधा माउस जोडावा. माउस असताना टचपॅड बंद ठेवण्याची सोय विंडोजच्या सेटिंग्जमध्ये आहे. नुसत्या टिचकीने क्लिक होणेही तिथेच बंद करता येते. भाच्याकडून एवढे जरूर करून घ्यावे, पासवर्ड मात्र आपल्यापाशीच ठेवावा.

आणि कारखानदारांनी त्या चौकोनावर निदान एक उठावाची रेघ तरी द्यावी. म्हाताऱ्या बोटांना तेवढा आधार पुरतो.