मिटलेल्या बांधावर पुन्हा नांगर

धुळ्याहून शिरपूरकडे निघाले की सोनगीर लागते. किल्ला, तांब्या-पितळेची भांडी घडवणारे तांबट आणि मुंबई-आग्रा महामार्ग ही गावाची ओळख. अशा रस्त्यालगतच्या गावांत एक गोष्ट हमखास घडते. कोरडवाहू रानाला एकराऐवजी चौरस फुटाचा भाव पुकारला जाऊ लागला, की वीस वर्षांपूर्वी चार पंचांसमोर मिटलेली वाटणी कोणाला तरी खुपू लागते आणि अपील दाखल होते.

दिवाणी कायद्याने हे दार बरेचसे लावून घेतले आहे. संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर अपील चालत नाही. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानुसार लोकअदालतीचा निवाडा अंतिम असतो. महसुलाचे दार मात्र सताड उघडे आहे. मंडळ अधिकाऱ्याने फेरफार मंजूर केला, की पुढे प्रांत, अपर जिल्हाधिकारी, नाशिकचे विभागीय आयुक्त आणि थेट मंत्रालय. तिथेही हरलात तर औरंगाबाद खंडपीठ आहेच. जिल्हाधिकाऱ्यांच्या खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशावर अपिलाची मुदत ६० दिवसांची. पण विलंबमाफीच्या अर्जाने वर्षेच्या वर्षे माफ होतात. गंमत अशी, की ही सारी पायपीट ज्या नोंदीसाठी, ती मालकी ठरवतच नाही, असे सर्वोच्च न्यायालय वारंवार सांगत आले आहे. मालकीचा दावा दिवाणी न्यायालयात वेगळाच चालतो. तोवर जमीन ना विकता येते, ना तिच्यावर पीककर्ज नीट मिळते. ज्याच्या खिशात वकिलाची फी आहे, त्याला जिंकण्याची गरजच नसते. लांबवले की पुरे.

तरीही प्रत्येक अपील खोडसाळ नसते. आपल्याकडे ‘मिटले’ म्हणतात ते पुष्कळदा भावाभावांत मिटलेले असते. बहिणीची सही हक्कसोडपत्रावर कशी आली, हे कोणी विचारत नाही. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२० मध्ये मुलींच्या जन्मसिद्ध वाट्यावर शिक्कामोर्तब करताना तोंडी वाटणीचा बचाव सहसा मान्य होणार नाही, असेही बजावले. म्हणजे पंचांसमोर झालेली, कागदावर न आलेली वाटणी कायद्याच्या लेखी डळमळीतच. त्या बहिणीचे अपील ऐकलेच पाहिजे.

१५ ऑगस्ट २००७ ला सुरू झालेल्या तंटामुक्त गाव मोहिमेने हजारो वाद ओसरीवर मिटवले, पण समितीचा कागद म्हणजे हुकूमनामा नव्हे. २०२३ च्या सलोखा योजनेत निदान दस्त होतो: एकमेकांच्या जमिनीचा ताबा बारा वर्षे असेल तर हजार रुपये मुद्रांक आणि हजार रुपये नोंदणी फीमध्ये अदलाबदल. पण ती योजना तेवढ्याच प्रकारापुरती. भाऊबंदकीतली वाटणी, सामाईक विहीर, शेतरस्ता हे सारे तिच्या बाहेर.

सरकारला दोन गोष्टी करता येतील. संमतीच्या फेरफारावर फसवणूक किंवा वगळलेला वारस एवढ्याच कारणाने अपील घ्यावे आणि ते प्रांतांनंतर थेट न्यायालयात जावे. मंत्र्यांच्या दालनात सुनावणी कशाला हवी? दुसरे, धुळ्याच्या लोकअदालतीत तहसीलदाराची खुर्ची मांडावी. बहिणींसह सर्व वारस समोर उभे असतानाच फेरफाराचा अर्ज तिथल्या तिथे घेतला, तर सोनगीरचा शेतकरी संध्याकाळच्या एसटीने नुसता निवाडा नव्हे, अर्जाची पोचही घेऊन परतेल.