बालगंधर्व, गोहरबाई आणि आपला न्याय

थोर पुरुषाच्या पडत्या काळाचे खापर कोणाच्या तरी माथी फोडल्यावाचून समाजाच्या मनास स्वस्थता लाभत नाही. नारायण श्रीपाद राजहंस ऊर्फ बालगंधर्व यांच्या बाबतीत महाराष्ट्राने हे माथे फार पूर्वीच मुक्रर करून ठेवले आहे, व ते गोहरबाई कर्नाटकी यांचे. ही बाई आली आणि गंधर्व बुडाले, असे वाक्य सुशिक्षित घरांतूनही इतक्या सहजपणे उच्चारले जाते की, अशा विधानास काही पुरावा लागतो याचेच विस्मरण पडावे. आमचे म्हणणे असे की, हे विधान असत्य आहे, आणि ते उराशी धरून ठेवण्यात आपला निर्मळ हेतूही नाही.

प्रथम सनावळी पाहू. गंधर्व नाटक मंडळी 1913 साली निघाली. ‘स्वयंवर’ 1916 साली व ‘एकच प्याला’ 1919 साली रंगभूमीवर आले. यशाचा असा कळस झाला असतानाच, 1921 च्या सुमारास, ही मंडळी लाखाच्या घरातील कर्जाखाली दबलेली आढळली. खेळ भरलेले असताना कर्ज का व्हावे? कारण गंधर्वांस रंगभूमीवर खोटे काही खपत नसे. शालू खरे, अत्तर खरे. तबल्यावर थिरकवाँ आणि सारंगीवर कादरबक्ष यांच्यासारखे कलावंत पदरी. 1920 सालच्या ‘द्रौपदी’ नाटकाच्या थाटावर तर पैसा पाण्यासारखा ओतला गेला. बरे, हात आखडता घेण्याचा स्वभावच नव्हता. कर्जाच्या त्याच 1921 साली केशवराव भोसल्यांसह टिळक स्वराज्य फंडासाठी संयुक्त ‘मानापमान’ करण्यास हा गृहस्थ उभा राहिलाच. पुढे ते कर्ज त्याने खेळ करकरून फेडले, हेही सांगितले पाहिजे.

तोच काळ फिरला. 1931 साली ‘आलम आरा’ आणि 1932 साली ‘अयोध्येचा राजा’ हे बोलपट झळकले. नाटकाचे गाणे थोडक्या पैशांत पडद्यावर ऐकू येऊ लागले आणि एकामागून एक नाटक मंडळ्यांनी आपले तंबू गुंडाळले. इकडे हिराबाई बडोदेकरांनी स्त्रियांस रंगभूमीची वाट मोकळी केली होती, व 1933 च्या ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. 1888 साली जन्मलेले गंधर्व त्या वेळी पंचेचाळीस वर्षांचे होते. पंचेचाळीस वर्षांच्या पुरुषाची रुक्मिणी किती काळ चालणार?

1935 साली त्यांनी ‘प्रभात’शी संधान बांधले. शांतारामांच्या ‘धर्मात्मा’त त्यांनी पुरुषवेषात एकनाथांची भूमिका केली, परंतु तो सहयोग त्या एका बोलपटापुढे गेला नाही. याचे नवल वाटू नये. ज्याची कला समोरच्या प्रेक्षकांच्या श्वासावर फुलत असे, जो एकेक पद ‘वन्स मोअर’च्या गजरात नव्या नव्या जागांनी नटवीत असे, त्याने यंत्रासमोर तुकड्यातुकड्यांनी अभिनय करावा आणि गाणे घड्याळाच्या काट्यावर आटोपावे, हे मुळातच विसंगत होते.

आणि गोहरबाई मंडळीत आल्या त्या 1938 साली! कर्जानंतर सतरा वर्षांनी, बोलपटाच्या आगमनानंतर सात वर्षांनी आणि ‘धर्मात्मा’नंतर तीन वर्षांनी. परिणाम आधी व कारण मागाहून, हे तर्कशास्त्र आपण दुसऱ्या कोठे मान्य करू काय?

यावर कोणी म्हणेल, मंडळी आधीच खचली असली तरी या बाईमुळे जवळची माणसे दुरावली. दुरावली, हे खरे. लक्ष्मीबाईंचे दुःखही खरेच आहे, आणि ते हलके करून दाखविण्याचा आमचा हेतू नाही. परंतु आम्ही विचारतो की, लक्ष्मीबाईंची आठवण आपणास नेमकी केव्हा झाली? 12 मार्च 1911 रोजी ‘मानापमान’चा पहिला प्रयोग होता. त्याच दिवशी गंधर्वांची मुलगी वारली, आणि तरीही ते भामिनीचा वेष करून उभे राहिले. ही कथा आपण आजतागायत डोळ्यांत पाणी आणून सांगतो व त्यास कर्तव्यनिष्ठा म्हणतो. ती मुलगी लक्ष्मीबाईंचीही होती. त्या रात्री त्या माउलीजवळ कोण होते, हे किती जणांनी विचारले? घराचा बळी आपल्या करमणुकीसाठी पडला तेव्हा तो त्याग ठरला. आणि पुढे नटाने आपल्या मनाप्रमाणे सोबत निवडली, तीही परधर्मीय गायिकेची, तेव्हा मात्र आपणास त्याचे घर आठवले.

त्या सोबतीचे फळ काय, तेही पाहावे. गोहरबाई काही आश्रयास आलेल्या अनाथ नव्हत्या. बोलपटात व गायनात त्यांचे स्वतःचे स्थान होते. 1940 साली लक्ष्मीबाई निवर्तल्या व 1951 साली गंधर्वांनी गोहरबाईंशी विवाह केला. पुढे त्यांचे पाय निकामी झाले, वैभव सरले, टाळ्या देणारे पांगले. तेव्हा त्यांची शुश्रूषा कोणी केली? 1964 साली स्वतः मृत्यू पावेपर्यंत ती याच बाईने केली. त्यानंतर तीनच वर्षांनी, 1967 साली, गंधर्वही गेले.

पुण्यातील भव्य नाट्यगृहास आपण बालगंधर्वांचे नाव दिले, हे उचितच झाले. परंतु ऋण दगडविटांनी फिटत नाही. यापुढे जो कोणी त्यांचे चरित्र लिहील अथवा नुसते चार जणांत बोलेल, त्याने आधी सन मांडावेत आणि मग दोषाची वाटणी करावी. त्या वाटणीत उधळ्या मालकाचा वाटा निघेल, बोलपटाचा निघेल, आणि ‘वन्स मोअर’ म्हणून ओरडून घरी निघून जाणाऱ्या आपलाही निघेल. गोहरबाईंच्या वाट्यास मग फारसे काही उरणार नाही.