शुद्ध ध्वनीचा आग्रह आणि अहिराणी गाणी

जळगाव-धुळ्याकडच्या अहिराणी गाण्यांविषयी साहित्याच्या वर्तुळात एक ठरावीक शेरा ऐकू येतो : बोल ग्रामीण, आवाज फाटका. यातील दुसऱ्या भागाचा प्रतिवाद आवश्यक आहे, कारण तो पहिल्याच्याच पोटातून आला आहे. ज्या कानांना ‘शाळा’ऐवजी ‘शाया’ अशुद्ध वाटते, त्यांनाच डिस्टॉर्शन प्लगिनने खरबरीत केलेला ढोलही अशुद्ध वाटतो.

वास्तविक डिस्टॉर्शन म्हणजे बिघाडच असे नव्हे. ध्वनिलहरींचे माथे छाटले की मूळ स्वरात नसलेले उपस्वर निर्माण होतात. ६० हर्ट्झच्या ठोक्यातून १२०, १८०, २४० हर्ट्झचे. मोबाइलच्या इवल्या स्पीकरला ६० हर्ट्झ पेलत नाही. परंतु वरचे उपस्वर ऐकून कान तो खर्ज स्वतःच पुरा करतो. ज्याचा श्रोता महागड्या ध्वनियंत्रणेपुढे नव्हे तर फोनवर गाणे ऐकतो, त्या संगीतकाराने हा मार्ग धरला तर तो शहाणपणाच होय. ज्यांना यात यांत्रिक पाप दिसते त्यांनी तंबोऱ्याची जवारी आठवावी. घोडीवर तारेखाली दोरा सरकवून जो झणत्कार साधतो, तोही उपस्वर उजळण्याचाच उद्योग. तिथे मात्र आपण माना डोलावतो!

अर्थात याचा अर्थ सर्वच क्षम्य असा नाही. ढोल, ढोलकी, कीबोर्ड आणि गळा या सर्वांना मिळून एकाच प्लगिनमधून कठोरपणे पिळून काढले, तर निरनिराळ्या स्वरांच्या बेरजा-वजाबाक्यांतून बेसूर कंप्रता उपजतात आणि व्यंजने त्या गदारोळात बुडतात. ‘डोया’मधला ‘य’ ऐकू आला नाही, तर त्या गाण्यात अहिराणी उरली कुठे? आक्षेप घ्यायचा तो इथे.

खानदेशाला याचा धडा नवा नाही. बहिणाबाई चौधरींची लेवा गणबोलीतील गाणी तोंडून कागदावर उतरली आणि १९५२ साली ग्रंथरूप झाली, तेव्हाही माध्यम बदललेच होते. परंतु बोलीचे उच्चार प्रमाण मराठीत घोटून गुळगुळीत केले गेले नाहीत, म्हणून ती आज आपण शिकवू शकतो. जळगावच्या विद्यापीठाने २०१८ मध्ये त्यांचे नाव धारण केले. त्या नावाचा मान राखायचा तर मराठीच्या अध्यापकांनी आजची अहिराणी गाणीही ऐकावीत. ध्वनी किती स्वच्छ आहे, हा प्रश्न दुय्यम. बोलीचा शब्द शाबूत आहे काय, हे आधी तपासावे.