अंकांत राहिलेली कथा

भारतीय साहित्यांच्या तौलनिक चर्चेत मराठी कथेचा विषय निघाला, की बोलणे बहुधा 'सत्यकथा' मासिक, नवकथा आणि फार तर ग्रामीण व दलित कथा यांच्यापाशी थांबते. मराठीत अद्भुताची, भयाची आणि विज्ञानकल्पनेची कथा क्षीण आहे, बंगालीच्या शेजारी तर ती ठेवताच येत नाही, असे विधानही मग ओघाने येते. या विधानाला मराठी कथेच्या वाचनापेक्षा आपल्या ग्रंथालयांतील कपाटांचाच आधार अधिक आहे, असे माझे मत आहे.

ही कथा मुळात पुस्तकात जन्मली नाही. तिचे घर नियतकालिक, आणि त्यातही दिवाळी अंक. १८८६ साली कृष्णाजी नारायण आठल्ये यांनी कोचीनहून 'केरळ कोकिळ' हे मराठी मासिक सुरू केले. पुढे त्याच मासिकातून ज्यूल व्हर्नची चंद्रप्रवासाची कादंबरी मराठी वाचकांपुढे आली. महाराष्ट्राबाहेर जन्मलेल्या एका मासिकाने मराठीला चंद्राची वाट दाखवावी, ही गोष्ट या नियतकालिकाच्या वाचकांना रुचावी. काशिनाथ रघुनाथ मित्रांच्या 'मनोरंजन'ने १९०९ साली दिवाळी अंकाची प्रथा पाडली. अनंत अंतरकरांनी १९४६ साली 'हंस' काढले आणि पुढे 'नवल' तर अद्भुत, रहस्य, भय आणि विज्ञान यांसाठीच चालविले. 'धनंजय'च्या दिवाळी अंकाचीही ओळख हीच. या अंकांत पिशाच्चकथेला लागून परग्रहावरची कथा असे, तिच्यापुढे खुनाचा तपास असे, आणि वाचक एका बैठकीत तिन्ही वाचून काढी. पुढे संग्रह निघाले ते लेखकवार. त्यामुळे नारायण धारप एकीकडे गेले, जयंत नारळीकर दुसरीकडे, रत्नाकर मतकरी तिसरीकडे; त्यांना एकत्र आणणारा संपादक मात्र वाङ्मयेतिहासातून नाहीसा झाला.

दिवाळीसारख्या दिव्यांच्या सणात भुताखेतांचे वाचन कसे, असा प्रश्न परभाषिक मित्र विचारतात. इंग्लंडात नाताळ आणि भूतकथा यांचे नाते जुने आहे; डिकन्सची नाताळकथा १८४३ची, आणि एम. आर. जेम्स केंब्रिजमध्ये नाताळच्या रात्री मित्रांना आपल्या भूतकथा वाचून दाखवीत. बंगालीत शारदीय अंक आहेतच. घर भरलेले, दिवे लागलेले, बाहेर अंधार लवकर पडू लागलेला, अशा वेळी भय हे सुरक्षितपणे चाखण्याचे पक्वान्न होते. पण या ऋतुमानाने मराठी भयकथेला एक खोडही लावली. एका बैठकीत संपणारी आणि शेवटच्या वाक्यात धक्का देणारी कथा संपादकाला हवीशी झाली. लेखकही धक्क्याच्या मागे लागले. दुसऱ्या वाचनात उभी राहू न शकणारी कथा या अंकांत पुष्कळ आहे, हे कबूल करूनच पुढे जायला हवे. मतकरींच्या उत्तम गूढकथा यातून सुटतात. 'खेकडा' (१९७०) या संग्रहापासून त्यांचा भर भुतापेक्षा माणसाच्या मनातील वाकड्या वाटेवर राहिला.

यातील विज्ञानकथेला मात्र वेगळे नशीब लाभले. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला नारळीकरांनी 'कृष्णविवर' ही कथा नारायण विनायक जगताप या टोपणनावाने पाठविली आणि तिला पहिले पारितोषिक मिळाले. हा प्रसंग कौतुकाने सांगितला जातो. त्यातली दुसरी बाजू सहसा कोणी पाहत नाही. विज्ञानकथेची प्रतिष्ठा वाङ्मयसंस्थेने नव्हे, विज्ञानसंस्थेने सिद्ध केली, आणि त्याबरोबर लोकशिक्षणाचे ओझेही तिच्या शिरावर आले. भयकथेला शिकवायचे काहीच नव्हते. ती अंधश्रद्धेच्या खात्यात जमा झाली. एकाच अंकातील दोन शेजारणींपैकी एक विद्यापीठात गेली, दुसरी रद्दीत. तरीही पहिलीचा सन्मान किती झाला? साहित्य अकादेमीने २०१४ साली नारळीकरांना गौरविले ते 'चार नगरांतले माझे विश्व' या आत्मचरित्रासाठी, आणि २०१८ साली मतकरींना गौरविले ते बालसाहित्यासाठी. दोघेही त्या मानास पात्र होते. पण कथा दोन्ही वेळा बाहेरच राहिली.

बंगालीचे भाग्य असे, की अद्रीश बर्धन यांनी १९६३ साली 'आश्चर्य' हे मासिक काढले आणि 'कल्पविज्ञान' हा शब्द रुजविला. त्याआधी १९६१ साली 'संदेश'च्या पुनरुज्जीवनाबरोबर सत्यजित राय यांचे प्रोफेसर शंकू आले होते. एक संपादक, एक नाव आणि एक वलयांकित लेखक एवढ्या भांडवलावर तेथे परंपरा दिसू लागली. मराठीत गूढकथा, भयकथा, रहस्यकथा, विज्ञानकथा असे शब्द चार, पण चौघींना कवेत घेणारा एकही नाही. 'अद्भुतकथा' म्हणावे तर राजपुत्र आणि राक्षस डोळ्यांपुढे येतात.

राहिला उसनवारीचा आक्षेप. धारपांची 'लुचाई' आणि 'शपथ' या कादंबऱ्या स्टीफन किंग यांच्या कादंबऱ्यांवर बेतलेल्या आहेत हे उघड आहे. मला यात अभ्यास टाळण्याचे कारण दिसत नाही. उलट तौलनिक अभ्यासकाला याहून चांगला नमुना मिळणे कठीण. किंग यांची एका आजीवरची कथा १९८४ साली अमेरिकेतल्या 'वियर्डबुक' या छोट्या नियतकालिकात आली. धारपांच्या 'आजी'ने ती मराठी घरात आणली. आणि २०१८च्या 'तुंबाड' या हिंदी चित्रपटात राही अनिल बर्वे यांनी तिला कोकणातल्या पावसात बसविले. चित्रपटाचे नाव श्री. ना. पेंडसे यांच्या 'तुंबाडचे खोत'ची आठवण करून देते. म्हणजे मान्यवर कादंबरी आणि दुर्लक्षित भयकथा यांची गाठ पडली ती पडद्यावर. आमच्या अभ्यासक्रमांना ती कधी घालून देता आली नाही. धारपांवर खरी टीका करायची तर ती दुसरीकडे करावी. त्यांचे 'समर्थ' आले की वाचकाला भय उरत नाही. गुरूची कृपा अटळ असेल तर अंधाराला अर्थ कसला? जेथे समर्थ नाहीत तेथे धारप अधिक खोल जातात.

हे सारे पडताळून पाहू इच्छिणाऱ्या संशोधकाची अडचण अगदी साधी आहे. संग्रहात कथेच्या मूळ प्रसिद्धीचा उल्लेख अनेकदा नसतो, आणि दिवाळी अंक ग्रंथालयांत बांधून ठेवला जातोच असे नाही, कारण तो पुस्तकही नाही आणि मासिकाच्या नेहमीच्या अंकांसारखा अंकही नाही. केंद्रीय विद्यापीठांच्या भारतीय भाषा विभागांनी निदान 'नवल'ची वर्षवार सूची हाती घ्यावी: कथा, लेखक, अनुवाद असल्यास मूळ, चित्रकार, पाने. एका पीएच.डी.च्या काळात हे काम होण्यासारखे आहे. अंक मिळतील ते बहुधा जुन्या सार्वजनिक वाचनालयांच्या माळ्यावर, आणि तेथील कागद आता पिवळा होऊन घडीवर तुटू लागला आहे.