ज्वारीचा हिशेब

गेल्या वर्षी धाकट्या भावाला यवतमाळहून नागपूरला हलवावे लागले. पिशवीत आरोग्य विम्याची तीन वर्षांची पॉलिसी होती, म्हणून मनाला आधार होता. पुढे कंपनीचे पत्र आले. रक्तदाब पूर्वीपासून होता, अर्जात त्याची नोंद नाही. सबब दावा नामंजूर. भाऊ म्हणाला, "दादा, अर्ज तर एजंटनं भरला. मला कोणी विचारलं होतं का?"

त्या रागात मीही विमावाल्यांना बरेच बोललो. राग ओसरल्यावर मात्र कागद-पेन्सिल घेऊन बसलो. समजा, गावात शंभर घरे आहेत. वर्षाला पाच घरांत दवाखान्याचा खर्च निघतो, प्रत्येकी वीस हजार. म्हणजे एकूण एक लाख. घरटी हजार जमले की भागले. आता धडधाकट पन्नास घरे म्हणाली, "आम्हाला काय धाड भरलीय?" ती बाहेर पडली की हप्ता दोन हजारांवर जातो. मग आणखी काही बाहेर पडतात. शेवटी उरतात फक्त आजारी, आणि विमा बुडतो. हा धोका आधी ओळखून हप्ता आणि अटी ठरवणे, हे विमागणितज्ञाचे काम. तो काही आपला वैरी नव्हे.

हेच गणित शेजारच्या वर्धा जिल्ह्यात, सेवाग्रामच्या कस्तुरबा रुग्णालयाने 1980 च्या दशकात खेड्यांत नेले. डॉ. उल्हास जाजू आणि सहकाऱ्यांच्या योजनेत हप्ता ज्वारीत घेत. ज्याची जमीन जास्त, त्याची ज्वारी जास्त. गावातली 75 टक्के गरीब कुटुंबे सामील झाली, तरच गाव योजनेत. अचानक आलेल्या आजाराला उपचार मोफत. हर्निया, मोतीबिंदू अशा आधी ठाऊक असलेल्या दुखण्याला मात्र रुग्णाने 25 टक्के भरायचे. अट इथेही होतीच. पण ती बारीक अक्षरांत लपलेली नव्हती. गावाला आधीच ठाऊक होती.

सरकारनेही पुढे हीच वाट धरली. 2012 साली राज्यात सुरू झालेली आणि आज महात्मा ज्योतिराव फुले यांच्या नावाने चालणारी जन आरोग्य योजना 2024 पासून सर्व कुटुंबांसाठी खुली झाली. ठरलेले उपचार, ठरलेली रुग्णालये ही मर्यादा आहे; पण सगळेच आत असल्याने धडधाकटांनी बाहेर पडण्याचा प्रश्न उरत नाही.

खासगी विम्यातही 2024 पासून नियम आहे, की पॉलिसी सलग पाच वर्षे चालली तर सिद्ध झालेल्या फसवणुकीखेरीज जुना आजार लपवल्याच्या कारणावरून दावा नाकारता येत नाही. चांगलेच आहे. पण त्या पाच वर्षांच्या आत आजारी पडणाऱ्याचे काय? माझे म्हणणे एवढेच : अर्ज भरताना प्रत्येक प्रश्न आणि प्रत्येक अट ग्राहकाला त्याच्या भाषेत वाचून दाखवलीच पाहिजे, आणि त्याखाली एजंटचीही सही हवी. गणित कंपनीने खुशाल करावे; पण ज्याच्या जिवाचे ते गणित, त्याला ते कळायला नको का?

परवा भावाने नवा अर्ज आणला. वहिनी एकेक प्रश्न मोठ्याने वाचत होती, भाऊ उत्तरे देत होता. रक्तदाबाचा प्रश्न आला, तेव्हा त्याने पेन तिच्या हातून घेतले आणि 'होय' स्वतः लिहिले.